हयातीचा दाखला

द्वितीय वर्ष, कला शाखा

मराठी वाचकाला आईविषयी काही सांगायला जाणे हे एक धाडसच आहे. पहिलीच्या पुस्तकापासून आपण आई वाचत आलेलो आहोत. साने गुरुजींनी 1933 साली नाशिकच्या तुरुंगात बसून 'श्यामची आई' लिहिली आणि त्या पुस्तकावर पिढ्यान् पिढ्या रडल्या. कवी यशवंत आणि माधव जूलियन यांच्या आईवरच्या कविता आपल्या सरांना पाठ आहेत आणि त्यांच्या सरांनाही पाठ होत्या. मग द्वितीय वर्षातल्या एका मुलीने ह्या विषयाला हात का घालावा?

कारण वर्गात ह्या कविता शिकताना माझ्या मनात एक शंका आली. ह्यांतल्या बहुतेक आया मुलग्यांनी सांगितलेल्या आहेत. मुलगा मोठा होतो, दूर जातो, आणि मग त्याला आई आठवते. तोवर ती बहुधा देवाघरी गेलेली असते. आठवणीतली आई कधी चिडत नाही, तिला खोकला येत नाही, ती रेशनच्या रांगेत कुणाशी भांडत नाही. मुलीला आई अशी दुरून पाहायला मिळत नाही. ती आईच्या बाजूला बसून भाकरी थापते, तिच्याच फणीने केस विंचरते. तिला आई रोज थोडी थोडी म्हातारी होताना दिसते. उर्मिला पवार यांचे 'आयदान' हे 2003 साली प्रसिद्ध झालेले आत्मकथन मी आपल्या ग्रंथालयातून नेऊन वाचले. त्यात बांबूची आयदाने विणणारी आई लेकीने लिहिलेली आहे. ते वाचले आणि वाटले, हाताने काम करणाऱ्या आईविषयी लेकीनेही लिहावे. म्हणून हा प्रयत्न.

माझी आई थोर वगैरे नाही. ती सिन्नरमध्ये बिड्या वळायची. आता ती साठीला टेकली आहे. ती हयात आहे, आणि ती हयात आहे हे वर्षातून एकदा पुराव्यानिशी कळवावे लागते. लेखाचे नाव तिथून आले आहे. पण त्याविषयी पुढे.

सिन्नर म्हटले की बाहेरच्या माणसाला गोंदेश्वराचे देऊळ आठवते, नाहीतर मुसळगाव-माळेगावच्या औद्योगिक वसाहती. आमच्या गल्लीतल्या बायांना मात्र सिन्नर म्हणजे बिडी. आईने बिडी वळायला सुरुवात केली तेव्हा ती दहा-अकरा वर्षांची होती. नक्की किती, हे तिलाही ठाऊक नाही. माझा जन्म 2006 सालचा. माझ्या जन्माची तारीख, वार, वेळ, सगळे दवाखान्याच्या कागदावर आहे. आईची जन्मतारीख आधार कार्डावर 1 जानेवारी 1966 अशी आहे. ती तारीख कार्ड काढणाऱ्या मुलाने तिथल्या तिथे ठरवली. आईचा हिशोब निराळा आहे. "बहात्तरच्या दुष्काळात मी आईसंगं खडीच्या कामावर जात होते. मला पाटी उचलत नव्हती, पण सुकडी मिळायची म्हणून जायचे," एवढे ती सांगते. त्या वेळी लोकांनी खाल्लेल्या लाल मिलोची चव तिला अजून आठवते. आम्ही मुले सनावळीवरून दुष्काळ पाठ करतो. तिने दुष्काळावरून आपले वय मोजले.

बिडी कशी वळतात हे आपल्यापैकी अनेकांनी पाहिले नसेल, म्हणून थोडे सांगते. तेंदूची, म्हणजे टेंभुर्णीची, वाळलेली पाने कारखान्यातून मोजून मिळतात, तंबाखू वजन करून मिळते. पाने रात्री भिजवून ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवायची. सकाळी पत्र्याचे माप पानावर धरून कातरीने तुकडे कापायचे. मग मांडीवर सूप घेऊन बसायचे. पानात चिमूटभर तंबाखू, दोन्ही हातांच्या अंगठ्यांनी एक वळसा, तोंड दुमडले, दोऱ्याचा फेरा, झाली बिडी. लिहायला मला जेवढा वेळ लागला तेवढ्यात आईच्या चार बिड्या व्हायच्या. पंचवीस बिड्यांची एक जुडी, चाळीस जुड्यांचा हजार. मजुरी हजारावर. कारखान्यात तपासणारा माणूस त्यातल्या काही बिड्या छाट म्हणून बाजूला काढायचा. त्यांचे पैसे मिळत नसत, आणि त्या परतही मिळत नसत.

शाळेत जाण्याआधीच मला पंचविसाचा पाढा येत होता. आईने शिकवला. तिला एकही अक्षर लिहिता येत नव्हते, पण पंचवीस चोक शंभर हे ती दोऱ्याचा फेरा न थांबवता म्हणायची. मी शेंडेफळ. माझ्या दोन्ही बहिणी माझ्या जन्माच्या वेळी कात्र्या घेऊन बसत होत्या, आणि पुढे एकेक करून लग्न होऊन गेल्या. भाऊ दहावीनंतर पुण्याकडे कारखान्यात लागला. वडील बाजार समितीत हमाली करत. मी सहावीत असताना ते वारले. तेव्हापासून घरात आम्ही दोघीच.

लहानपणी आई माझ्यासाठी एक हुकूम होती. ऊठ, पाणी भर, जुड्या मोज, अभ्यासाला बस. तिच्या तोंडून लाडाचा शब्द मी फारसा ऐकलेला नाही. माया होती, पण ती सुपाच्या पलीकडून यायची. कधी ती न बोलता डाव्या हाताने गुळाचा खडा पुढे सरकवायची आणि उजव्या हाताने बिडी वळत राहायची. बिडी कामगारांच्या मुलांसाठी असलेली शिष्यवृत्ती मला शाळेत असताना मिळाली. तिचा अर्ज भरायला म्हणून मी पहिल्यांदा आईबरोबर कचेरीत गेले. कारकुनाने शाईची डबी पुढे केली. आईने अंगठा टेकवला आणि लगेच पदराला पुसला. तिने तो इतका झटकन् पुसला, की जणू काही झालेच नाही. मी तेव्हा पाचवीत होते. त्या अर्जावर माझी सही होती आणि तिचा अंगठा होता. आमच्या दोघींतले अंतर मला त्या दिवशी पहिल्यांदा कागदावर दिसले.

पुढे ते अंतर वाढत गेले. दवाखान्यातली चिठ्ठी मी वाचू लागले. एसटीची पाटी मी वाचू लागले. विजेचे बिल, बहिणीच्या सासरहून आलेले लग्नाचे कार्ड, फोनवर आलेला बँकेचा संदेश, हळूहळू सगळी अक्षरे माझ्याकडे आली. आईचे हुकूम कमी झाले आणि प्रश्न वाढले. "ह्यात काय लिहिलंय गं?" हा तिचा प्रश्न दिवसातून दहादा येऊ लागला. जिने मला मोजायला शिकवले ती आता मला विचारू लागली, ही गोष्ट सुरुवातीला मला फार मोठी वाटली. घरात कुणीतरी आपल्याला मानते ह्याचा आनंदही झाला. नाही म्हणणे खोटे ठरेल.

पण ह्या बदलाचा खरा अर्थ मला रेशनच्या दुकानात कळला.

आधार कार्डाची सुरुवात आपल्याच महाराष्ट्रात झाली. 29 सप्टेंबर 2010 रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावात पहिली कार्डे दिली गेली. पुढे रेशनच्या दुकानांत अंगठ्याची यंत्रे आली. यंत्रावर बोट ठेवायचे, ते आधारातल्या ठशाशी जुळले की धान्य. अन्नसुरक्षा कायद्याप्रमाणे प्राधान्य कुटुंबाला माणशी महिना पाच किलो धान्य मिळते, आणि जानेवारी 2023 पासून ते मोफत आहे. आमच्या घराला ह्या धान्याचा मोठा आधार आहे.

आई यंत्रावर अंगठा ठेवायची. यंत्र टीं टीं करायचे. नाही जुळत. उजवा अंगठा, डावा अंगठा, मग एकेक बोट. बोटे धुऊन या, मावशी. पुसून या. थोडे तेल लावा. मागे रांग चुळबुळ करायची. आईच्या बोटांवर रेषाच उरलेल्या नव्हत्या. पाच दशके ओल्या पानांवर आणि तंबाखूवर घासून त्या गुळगुळीत झाल्या होत्या. खडी फोडणाऱ्या, भांडी घासणाऱ्या, विटा वाहणाऱ्या पुष्कळांची हीच तऱ्हा होते, हे मला नंतर समजले. जन्मभर आईला सगळ्यांनी अंगठेबहाद्दर म्हटले. आणि आता एक यंत्र तिला सांगत होते की तुझा अंगठासुद्धा चालत नाही!

रेशन कार्डावर माझेही नाव होते, म्हणून माझा अंगठा चालला. पहिल्याच खेपेला जुळला. पावती बाहेर आली. दुकानदार त्या दिवसापासून माझ्याशीच बोलू लागला. "आजीला सांग, पुढच्या वेळेला तूच ये. आजीला उगाच कशाला दमवतेस?" आई माझ्या शेजारी, पिशवीचे तोंड उघडून उभी होती. ती शांतपणे म्हणाली, "आजीला ऐकू येतं. तिला सांगा की." रांगेतल्या बाया हसल्या. दुकानदारही वरमून हसला. आईने तांदळाचे माप डोळ्यांनी तोलले, पिशवीला गाठ मारली आणि चालू लागली.

घरी येताना मी तिच्या मागून चालत होते. म्हातारपण म्हणजे दुसरे बालपण असे आपण सगळेच म्हणतो, निबंधातही लिहितो. मला ते पटेनासे झाले आहे. लहान मुलाला जे येत नसते ते त्याला कधीच आलेले नसते, म्हणून त्याला त्याची लाज नसते. म्हाताऱ्या माणसाजवळ आयुष्यभर केलेल्या कामाची आठवण असते. माझ्या आईने नवऱ्यामागे घर चालवले, दोन मुलींची लग्ने केली, डोक्यावर कर्ज ठेवले नाही. तिला एक यंत्र नाही म्हणते म्हणून ती लहान होत नाही. तिला लहान करतो तो आपला सूर, 'आजीला सांग' असे म्हणणारा. तो सूर दुकानदाराच्या तोंडी जितका सहज येतो तितकाच शिकलेल्या लेकीच्या तोंडीही येऊ शकतो. म्हणून मी त्या दिवशी मनाशी एक नियम केला. कुठल्याही खिडकीपाशी गेले तरी मी आईच्या मागे उभी राहायचे. विचारायचे तिने, उत्तर घ्यायचे तिने. मी फक्त अक्षरे वाचायची. हा नियम पाळायला वेळ लागतो, खिडकीमागची माणसे चिडतात. पण आईची मान सरळ राहते.

अठ्ठावन्न वर्षे पूर्ण झाल्यावर 2024 साली आईचे काम सुटले. तिच्या भविष्यनिर्वाह निधीच्या खात्यावरून तिला पेन्शन सुरू झाली. ह्या योजनेत किमान पेन्शन 2014 पासून महिना एक हजार रुपये आहे. आईची तेवढीच आहे. हजार रुपयांत हल्ली काय होते ते सर्वांना माहीत आहे. पण पहिल्या महिन्याचे पैसे जमा झाले तेव्हा आईने मला तो संदेश दोनदा वाचायला लावला. न वळता आलेला तिचा हा पहिला हजार होता.

काम सुटले तरी हात सुटले नाहीत. गल्लीतल्या बायांनी तिला हलके काम म्हणून दोरा बांधायला द्यावा आणि तिने दुपारभर तो बांधावा, असे चालले होते. तिला खोकला होता, डोळ्यांतून पाणी यायचे. मी म्हटले, "आई, आता पुरे. तंबाखूचा वास छातीत जातो तुझ्या." ती म्हणाली, "हात बांधून बसले की रात्री दुखतात." मी बिडीच्या पाकिटावरचे चित्र दाखवले, तो रोगट घसा, ती सूचना. तिने ते चित्र लांब धरून पाहिले. "हे आत्ता दाखवतीस व्हय? तुझी फी भरली तवा हे चित्र होतंच की पाकिटावर." ह्यावर माझ्याजवळ उत्तर नव्हते, आजही नाही. माझी पुस्तके, माझा गणवेश, ह्या महाविद्यालयातला माझा प्रवेश ज्या पैशांतून झाला, ते पैसे कुणाच्या तरी छातीतल्या धुरातून आले होते, आणि आईच्याही. अर्थशास्त्राच्या तासाला आपण उद्योगाचे फायदेतोटे दोन रकान्यांत लिहितो. आमच्या घरात हे दोन्ही रकाने एकाच सुपात होते. शेवटी आम्ही तडजोड केली. दोरा बंद. त्याऐवजी आई गोधड्या शिवायला बसली. आता तिच्या हाताखाली तंबाखू नसते, जुन्या साड्या असतात. खोकला थोडा कमी आहे.

आणि मग आला हयातीचा दाखला. पेन्शन चालू राहायची तर वर्षातून एकदा आपण जिवंत असल्याचे कळवावे लागते. पूर्वी कागद भरून द्यावा लागे. आता तो बोटाच्या ठशाने यंत्रावर होतो. नोव्हेंबर 2025 मध्ये आम्ही गेलो. पुन्हा टीं टीं. उजवा अंगठा, डावा अंगठा. समोर बसलेला मुलगा भला होता. त्याचाही नाइलाज होता. आई त्याच्या समोर खुर्चीत बसली होती, श्वास घेत होती, त्याला 'लेकरा, पाणी पी' म्हणत होती, आणि यंत्राच्या लेखी ती हयात नव्हती! मला हसावे की रडावे ते कळेना. आईला मात्र हसू आले. म्हणाली, "तुझ्या बापाचा मेल्याचा दाखला आठ दिवसांत मिळाला. जित्या माणसाचाच मिळंना."

त्याच मुलाने सांगितले की चेहऱ्यावरूनही दाखला काढता येतो, साध्या फोनवर. संध्याकाळी घरी मी फोन घेऊन बसले. दारातल्या उजेडात आईला बसवले. पदर नीट केला. फोनच्या पडद्यावर एक गोल येतो, त्यात चेहरा धरायचा आणि डोळे मिचकवायचे. आई डोळे मोठे करून बघतच राहिली. ह्या वयात पोरीसमोर डोळे मिचकवायचे ह्याचीच तिला लाज वाटली. तिसऱ्या वेळेला तिने डोळे मिटले आणि उघडले. पडद्यावर हिरवी खूण आली. झाले! एका वर्षापुरती माझी आई कागदोपत्री जिवंत झाली.

त्या वेळी फोनच्या गोलात मी तिचा चेहरा पाहिला. इतक्या जवळून, इतका वेळ, मी तो कधी पाहिलाच नव्हता. तिने नेहमी मान खाली घालून काम केले आणि मी तिचा भांग पाहत मोठी झाले. भुवया पांढऱ्या झाल्या होत्या. डाव्या डोळ्यात मोतीबिंदूची सुरुवात असावी असा ढग होता. तोंड माझ्यासारखे होते. म्हणजे माझे तिच्यासारखे.

जेवताना ती म्हणाली, "पुढच्या साली तू तिसऱ्या वर्षाला. मग काय?" मी म्हटले, बीएड करायचे मनात आहे. नाशिकला नाहीतर पुण्याला, प्रवेश मिळेल तिथे. पण बघू. हे 'बघू' तिने ओळखले. बारावीला असताना माझ्यासाठी एक स्थळ आले होते. मामा म्हणाला होता, मुलगा चांगला आहे, शिकून काय करायचे आहे. आईने तेव्हा मामाला चहा दिला आणि म्हणाली, "माझा अंगठा झाला, तिची सही होऊ दे." त्यानंतर मामाने विषय काढला नाही. तीच आई आता एकटी राहणार होती. भावाची पुण्यातली खोली दहा बाय दहाची. तिथे ती जायला तयार नाही. मग तिचा दाखला कोण काढणार? चिठ्ठी कोण वाचणार? मी शिकून दूर जायचे की शिकलेले घेऊन तिच्याजवळ थांबायचे, हा प्रश्न गेले वर्षभर माझ्या छातीवर बसला होता. पहिल्या पिढीत शिकणाऱ्या मुलींना हा प्रश्न नवा नसावा. घरातली सगळी अक्षरे जिच्याकडे असतात तिचा पाय उंबऱ्याबाहेर पडायला जड होतो.

आठवड्याने मी महाविद्यालयातून घरी आले तर ओट्यावर शेजारच्या काकूंची आठवीतली मुलगी बसली होती. तिच्या हातात आईचा फोन होता. आई तिला म्हणत होती, "आता गोल कुठून काढायचा ते दाव." दोघींचा करार झाला होता. त्या मुलीने आईचे संदेश वाचायचे, वर्षातून एकदा दाखला काढायचा. आईने त्याबदली तिच्या धाकट्या भावाला शाळा सुटल्यावर सांभाळायचे. हे सगळे मला न विचारता ठरले होते. मला बरे वाटायला हवे होते. खरे सांगायचे तर मला आधी वाईट वाटले. आपल्यावाचून आईचे अडते हे ओझे वाटत होते, पण तोच माझा मानही होता. तो तिने आठवीतल्या पोरीला देऊन टाकला.

आई माझ्या चेहऱ्याकडे बघून म्हणाली, "एक डोळा मिचकवायला तू पुण्याहून येशील? भाडं कोण दील?" आणि मग जरा वेळाने, "तू आलीस तर मला भेटाया ये. दाखल्यासाठी नको येऊ."

लहानपणी तिने मला दोरा बांधायला शिकवले होते. मी फार घट्ट आवळायची आणि पान फाटायचे. सैल बांधले तर बिडी उलगडायची. "दोऱ्याला सांगायचं, धर, पण कापू नको," असे ती म्हणायची. तेव्हा ते फक्त दोऱ्याविषयी होते. आता मला वाटते, तिला दुसरे कशाविषयी बोलायचे असते तरी तिने ह्याच शब्दांत सांगितले असते.

एवढ्यावर ती थांबली नाही. डिसेंबरात एका रात्री तिने माझी जुनी वही काढली आणि म्हणाली, "माझं नाव लिहून दे. मोठ्या अक्षरात." केंद्र सरकारच्या साक्षरता कार्यक्रमाचा वर्ग आमच्या भागात भरला होता तेव्हा ती गेली नव्हती. "म्हातारपणी पाटी घेऊन बसायची कुठं?" म्हणाली होती. आता ती घरात, दिव्याखाली, दार लावून शिकते आहे. ज्या बोटांनी लाखो बिड्या वळल्या त्यांना पेन धरता येत नाही. पेन बिडीसारखे वळायला बघते. तिच्या नावात तीन अक्षरे आहेत. काना तिला लगेच आला, "ही तर काडीच." मधल्या अक्षराची वेलांटी मात्र कधी उजवीकडे जाते, कधी डावीकडे. चुकले की ती ते अक्षर बोटाने झाकते आणि पुढे लिहिते. मी तिची शिक्षिका नाही. मी कित्ता काढून देते आणि माझा अभ्यास करते. मधून मधून ती माझ्या पुस्तकात डोकावते. परवा विचारले, हे काय वाचतेस? मी बहिणाबाईंविषयी सांगितले. जळगावाजवळच्या आसोद्यात 1880 साली जन्मलेली बाई, लिहिता वाचता येत नव्हते, काम करता करता ओव्या रचायची, मुलाने त्या लिहून ठेवल्या, तिच्यामागे 1952 साली त्यांचे पुस्तक निघाले आणि आज आम्ही ते विद्यापीठात शिकतो. आईने सगळे ऐकून घेतले. मग म्हणाली, "तिच्या पोरानं लिहून घेतलं. बरं केलं. पण तिला सही येत होती का?" मी म्हटले, लिहिता येत नव्हते. "मग माझं एक पाऊल पुढं," असे म्हणून ती पुन्हा वेलांटीकडे वळली.

माझ्यासारख्याच घरांतून आलेल्या अनेक मैत्रिणी ह्या वर्गांत बसतात. त्यांच्याही आया कुठे भाजी विकतात, कुठे शेतावर रोजाने जातात. आपण शिकलो आणि आई मागे राहिली, असे एक दुःख आपण मनात घेऊन वावरतो. मला आता वाटते, त्या दुःखात थोडा गर्वही असतो. आई मागे राहिलेली नसते. ती तिच्या वेगाने, तिच्या वाटेने चाललेली असते आणि पुष्कळदा आपली वाट मोकळी करून देण्यासाठीच चाललेली असते. तिला हात द्यावा लागेल, डोळे व्हावे लागेल, पण तिचे तोंड आपण होऊ नये. ते तिचे तिच्याजवळ असावे. माझ्या आईजवळ तर ते चांगले खणखणीत आहे.

तिचे नाव मी ह्या लेखात लिहिलेले नाही. ते आता तिने स्वतः लिहावे असे मला वाटते. पुढच्या वर्षी मी बीएडचा आणि वसतिगृहाचा अर्ज भरीन. त्यावर खाली उजव्या बाजूला 'पालकाची सही' अशी एक छोटीशी चौकट असते. आईची तीन अक्षरे अजून वहीच्या अर्ध्या ओळीत मावत नाहीत. चौकटीत मावेपर्यंत रोज एक पान लिहायचे, असे तिने ठरवले आहे. एक सही करायला तिला चार-पाच मिनिटे लागतात. अर्ज भरायला अजून एक वर्ष आहे.